नसलेल्या वेशीपासून डावीकडे

माझा भाचा प्रागला नोकरीला आहे. तिथं नदीच्या डाव्या तीरावर, किल्ल्याच्या पायथ्याशी माला स्त्राना नावाची जुनी वस्ती आहे. नावाचा अर्थ ‘धाकटी बाजू’. भाचा दर रविवारी त्या धाकट्या बाजूला चालायला जातो आणि सोमवारी आम्हाला फोटो पाठवतो. मागच्या दिवाळीत त्यानं एक पुस्तिकाच पाठवली, पायी हिंडणाऱ्या नवशिक्यांसाठी. आरामशीर बूट घाला, पाणी जवळ ठेवा, मग नकाशा खिशात टाका आणि मुद्दाम रस्ता चुका, असा तिचा एकंदर उपदेश. सोबत निरोप होता : “मामा, जानेवारीत इथला एक मित्र माझ्याबरोबर येतोय. त्याला जुनं सोलापूर चालत दाखवायचंय. असलं काही आपल्याकडं कुणी लिहिलंय का?”

माझ्या पाहण्यात नव्हतं. म्हणून हे लिहायला घेतलं.

सोलापूर दाखवायला होटगीचा माणूस कशाला, असं कुणी विचारेल. उत्तर सोपं आहे. सोलापूरकर सोलापूर बघत नाही, तो त्यातून स्कूटर काढतो. आम्ही होटगीकर मात्र बाजार, दवाखाना, कॉलेज, कोर्ट आणि चपलेचा अंगठा या सगळ्यासाठी पिढ्यान्‌पिढ्या तिथं उतरत आलो आणि पुढं चालत गेलो. शिवाय मी रेल्वेत होतो. होटगी जंक्शन आहे. एक फाटा वाडीकडे जातो, दुसरा विजापूर-गदगकडे. जिथं माणसं उतरतात पण राहत नाहीत, अशा गावात आयुष्य काढलं की रस्ता चुकलेला माणूस शंभर फुटांवरून ओळखू येतो.

निघण्यापूर्वी

महिना जानेवारीचा निवडावा. एप्रिल-मे महिन्यांत पारा चव्वेचाळीस-पंचेचाळीसला टेकतो. त्या दिवसांत अकरा ते पाच या वेळेत सोलापूर पायी पाहण्याचा एकच मार्ग आहे, तो म्हणजे खिडकीतून. तरीही निघालात, तर सावलीच्या बाजूनं चाला. सावलीची बाजू गाई आणि रिक्षावाले यांनी आधीच धरलेली असेल. त्यांची चुळबुळ होऊ देऊ नका, त्यांचा हक्क जुना आहे.

बुटांची चिंता नको. भाच्याच्या पुस्तिकेत चेक चर्मकारांच्या कसबावर अर्धं पान खर्ची घातलेलं होतं, ते वाचून मी पायांकडे पाहिलं. पायात बाटा. आपण ज्या कंपनीला जन्मभर बंगालची किंवा पंजाबची समजत आलो, ती १८९४ साली झ्लीन नावाच्या चेक गावात सुरू झाली. तोमाश बाटा हे तिच्या संस्थापकाचं नाव. कलकत्त्याजवळचं बाटानगर नंतरचं. तेव्हा पाहुण्याला सांगावं, बाबा रे, तुझी धाकटी बाजू आमच्या पायात आधीपासून आहे. हेही सांगून टाकावं की रस्त्यात अंगावर येणारी जुनी जावा मोटारसायकलसुद्धा मूळची त्याच्याच मुलखातली. यानेचेक हा कारखानदार आणि वांडरर ही मोटारसायकल, या दोघांच्या नावांची पहिली रोमन अक्षरं (Ja आणि Wa) जोडून १९२९ साली जावा झाली, आणि १९६१ पासून ती म्हैसुरात बनू लागली. चेक लोकांनी आपल्याला चालायलाही शिकवलं आणि चालणाऱ्याला घाबरवायलाही.

शिदोरी म्हणून पुस्तिकेत सुक्या मेव्याच्या वड्या सुचवल्या आहेत. आपण कडक भाकरी आणि शेंगाचटणी घ्यावी. कडक भाकरी महिनाभर टिकते, पिशवीत मोडली तरी बिघडत नाही, आणि कुत्रं मागं लागलं तर तिचे दोन उपयोग आहेत. कोणते, ते कुत्र्याच्या आकारावर ठरवावं.

आधी होटगीत सराव

नवशिक्यानं एकदम सोलापुरात उडी घेऊ नये. होटगीत एक फेरी मारावी. स्टेशन वेगळं आणि गाव वेगळं, हे आधी ध्यानात घ्या. स्टेशनावरून गावाकडे चालायला लागा. पाच मिनिटांच्या आत कुणीतरी विचारेल : “कुणाकडं आलाव?”

इथं नवशिका हमखास चुकतो. तो म्हणतो, “कुणाकडं नाही, असंच बघायला.” आमच्याकडे बघायला येणारा माणूस एक तर जमीन बघायला येतो, नाहीतर मुलगी. सिमेंटच्या कारखान्यात काम बघायला येणारा तिसरा, पण तो सकाळी येतो. यांतलं काहीच नसेल तर तुम्ही सरकारी मोजणीवाले, आणि मग चहा मिळत नाही. म्हणून कुणाचं तरी नाव घ्या. “पाटलांकडं” म्हणा. कोणते पाटील, हा पुढचा प्रश्न येईल. त्याच्या उत्तरात आणखी दहा मिनिटं जातील, तेवढ्यात चहा येतो.

मुद्दाम रस्ता चुकायचा, हा प्राग-पंथाचा मुख्य उपदेश होटगीत पाळताच येत नाही. तुम्ही चुकायला लागलात की गाव तुम्हाला धरून परत आणतं. माझ्या माहितीतला एक पाहुणा तळ्याकाठी एकटा बसायला म्हणून गेला. तासाभरात त्याला तिघांनी घरी आणून सोडलं. तिघांनी वेगवेगळं. दुसऱ्यांदा आणि तिसऱ्यांदा तो पुन्हा गेला होता.

सराव संपण्यापूर्वी एक गाठ बांधून ठेवा : होटगी रोड होटगीत नाही. तो सोलापुरात आहे. होटगी मठ आमच्या गावात आहे, पण “होटगी मठात जायचंय” असं सोलापुरात म्हणालात तर माणसं तुम्हाला बाळीवेशीतल्या मठात नेऊन सोडतील. विमानतळही होटगी रोडचा. २०२५ साली तिथून गोव्याला विमान उडालं तेव्हा आमच्या नातेवाइकांचे पुण्याहून फोन आले, “तुमच्या गावात विमान आलं म्हणे!” आम्ही हो म्हणालो. नाही म्हणायला काय लागतं, पण एवढं मोठं विमान कोण सोडेल?

पत्ता : मुख्य अभ्यास

आता खरा विषय. हा नीट वाचला तर बाकीचं सोडून दिलं तरी चालेल.

प्रागमध्ये १७७० साली घरांना नंबर आले. त्याआधी घरं चिन्हांवरून ओळखत. दारावर दोन सूर्य कोरलेलं घर, तीन व्हायोलिनांचं घर, तांबड्या कोकराचं घर. यान नेरुदा हा लेखक त्या दोन सूर्यांच्या घरात राहायचा. त्यानं माला स्त्रानाच्या गल्ल्यांतल्या बारक्या माणसांच्या गोष्टी लिहिल्या आणि आता त्या चढावाच्या रस्त्यालाच त्याचं नाव आहे. चिलीच्या पाब्लो नेरुदानं आडनाव याच्याकडून उचललं असं मानतात. मुद्दा एवढाच की नंबर येऊन अडीचशे वर्षं झाली, तरी ते दोन सूर्य, ती व्हायोलिनं, ते कोकरू दारावर अजून आहेत. भाच्यानं फोटो पाठवलेत.

सोलापुरात पत्ता याच्या उलट चालतो. इथं खूण म्हणजे जी गोष्ट आता तिथं नाही ती.

उदाहरण घ्या. तुळजापूर वेस, विजापूर वेस, बाळीवेस, कुंभार वेस. एवढ्या वेशी ऐकून पाहुणा दगडी दरवाजा, वर नगारखाना, दोन्ही बाजूंना बुरूज असं काहीतरी शोधायला लागतो. शोधू नये. गावाभोवती तट होता. एकोणिसाव्या शतकात गिरण्या आल्या, वस्ती फुगली, आणि त्याच शतकाच्या उत्तरार्धात नगरपालिकेनं बराचसा तट पाडून टाकला. तट गेला, वेशी गेल्या, पण “वेशीपासून डावीकडं” राहिलं. दीडशे वर्षं माणसं नसलेल्या दरवाजातून आत-बाहेर करताहेत आणि एकालाही डोकं आपटल्यासारखं वाटत नाही.

जुनी मिल हा यातला उत्तम धडा. १८७७ साली मुरारजी गोकुळदासांची सूतगिरणी सुरू झाली. सोलापूरची ती पहिली, म्हणून पुढच्या गिरण्या आल्यावर ती ‘जुनी’ झाली. मुरारजी पेठेचं नावही त्यांचंच. ती बंद पडून कैक दशकं लोटली. पण एखाद्याला पत्ता विचारून पाहा :

“सरळ जा की बे. पुढं जुनी मिल लागती.”

“मिल कुठंशी दिसेल?”

“मिल नाय आता. दिसती कशी? तिथनं उजवीकडं.”

या संवादात विनोद शोधू नका. सांगणाऱ्याला ती दिसते. त्याच्या वडलांनी तिथं पाळी केली, आज्यानं केली, भोंग्यावर घरातलं घड्याळ लावलं. पुढं लक्ष्मी-विष्णू, नरसिंग गिरजी यांचंही तेच झालं. गिरणी पडते, पण बस थांबा तिच्या नावानं थांबत राहतो.

यात ताजी भर पडली आहे धुराड्याची. होटगी रोडवर कुमठ्याला साखर कारखान्याची सुमारे नव्वद मीटर उंच चिमणी होती. होटगीहून सोलापूरला जाताना ती दिसली की आम्ही पिशव्या आवरायला घ्यायचो. विमानाच्या वाटेत येते म्हणून १५ जून २०२३ रोजी ती स्फोटानं पाडली. काही सेकंदांत खाली बसली. आमच्या गाडीत अजूनही एक म्हातारबुवा त्या जागेवर आल्यावर उठून उभे राहतात. मी त्यांना विचारलं, “चिमणी तर गेली की अण्णा.” ते म्हणाले, “गेली तर गेली. उतरायचं तर तिथंच हाय ना?”

तेव्हा नवशिक्यासाठी सूत्र असं : नकाशात जे आहे त्याकडे दुर्लक्ष करा, पत्त्यात जे नाही तिथून वळा.

पत्ता कुणाला विचारावा यालाही शास्त्र आहे. रिक्षावाल्याला विचारू नये. त्याच्या मते सोलापुरातली कुठलीही जागा कुठल्याही जागेपासून चालण्याजोगी नसते. पानटपरीवाला अचूक सांगतो पण थोडक्यात, आणि हात कात लागलेला असल्यामुळे बोट न दाखवता हनुवटीनं सांगतो. त्यामुळे त्याची दाढी वाढलेली असेल तर दिशा थोडी चुकते. कट्ट्यावरचे आजोबा सर्वांत उत्तम, पण वेळ हाताशी ठेवून विचारावं. ते आधी विचारतील कुणाचे तुम्ही, मग सांगतील की ज्या घरी जाताय त्यांचं आणि भावकीचं वाटणीवरून बोलणं नाही, आणि शेवटी सांगतील की ते लोक आता तिथं राहतच नाहीत. पाणी आलेल्या दिवशी मात्र कुणालाच काही विचारू नये. आमच्याकडे नळाला पाणी रोज येत नाही. ज्या दिवशी येतं त्या दिवशी गल्लीत पाइप, घागरी, टिपं आणि मावशी यांच्यातून टाचा उचलून गप चालावं. तुमच्या पायाखाली पाइप आला आणि धार थांबली, तर जे कानावर पडेल त्याचं भाषांतर पाहुण्याला करून देऊ नका.

अंतराची मापंही शिकून घ्या. “हे काय इथंच” म्हणजे पाऊण किलोमीटर. “जरा पुढं” म्हणजे दोन. “चालत जाणार?” असं उलट विचारलं तर रिक्षा करा.

भाषा

हा धडा लहान आहे, कारण अवघड वाटतो तेवढा नाही. मराठीत विचारा. उत्तर मराठीत, कानडीत, तेलुगूत किंवा दखनीत येईल, कधी एकाच वाक्यात चारींत. घाबरू नका. बाळीवेशीकडे “सीदा होग्री” ऐकाल, पूर्व भागात “सीदा पो”, विजापूर वेशीत “सिद्धा जाव”. चारही घरांत सरळ जाणं एकच आहे. डावं-उजवं मात्र ज्याचं त्याचं वेगळं, म्हणून वळायचं असेल तेव्हा हाताकडे बघावं.

संबोधन चुकवू नये. अनोळखी पुरुषाला “अण्णा”, त्याहून जरा श्रीमंत दिसला तर “मालक”, बाईला वयाप्रमाणं “अक्का” किंवा “मावशी”. तुम्हाला कुणी “बे” म्हटलं तर रागावू नका, ते विरामचिन्ह आहे.

अंकगणित

सोलापूर हे आकड्यांचं गाव आहे. सोळा गावं मिळून सोलापूर झालं असं लहानपणी ऐकलं. अभ्यासक ते मानत नाहीत, ते सिद्धरामेश्वरांच्या काळच्या सोन्नलगी या नावाकडे बोट दाखवतात. मग अडुसष्ट लिंगं, आठ गणपती, पंचकट्टा, सात रस्ता. नवशिक्यानं यातलं काहीही मोजू नये. सात रस्त्याच्या चौकात उभं राहून मी तीनदा मोजले. तिन्ही वेळा वेगळे भरले, चौथ्यांदा हवालदारानं हलवलं.

मधला मारुती या बाजारात पाहुणा विचारेल, मधला म्हणजे कोणाच्या मधला? त्याला कांदे दाखवावेत.

एकच जागा अशी आहे जिथं थांबून मोजावं. चार पुतळा. मल्लप्पा धनशेट्टी, श्रीकिसन सारडा, जगन्नाथ शिंदे, अब्दुल रसूल कुर्बान हुसेन. गांधीजींच्या अटकेनंतर मे १९३० मध्ये सोलापूर पेटलं, गोळीबार झाला, सरकारचा अंमल काही दिवस नावालाही उरला नाही. १२ मेला मार्शल लॉ लागला. या चौघांवर खटला चालला आणि १२ जानेवारी १९३१ रोजी येरवड्यात त्यांना फाशी दिली. ऐन संक्रांतीच्या तोंडावर, जेव्हा इथं यात्रेची तयारी चालते. रोजचे हजारो लोक “चार पुतळ्यापाशी भेट” म्हणतात आणि भेटतात, वर न बघता. पाहुण्याला घेऊन जाल तेव्हा चारही नावं मोठ्यानं वाचा. पत्त्यात आहे आणि जागेवरही आहे, अशी सोलापुरातली ही दुर्मिळ खूण.

प्रत्यक्ष मार्ग

आता चालू. मार्ग मी नव्यानं आखलेला नाही. सोलापूरला पायी फिरण्याची पुस्तिका कुणी लिहिली नसेल, पण दर वर्षी ती पायांनी वाचली जाते. संक्रांतीच्या सुमारास सिद्धेश्वरांची, म्हणजेच सिद्धरामेश्वरांची, गड्ड्याची यात्रा भरते. सात मानाचे नंदीध्वज उत्तर कसब्यातल्या हिरेहब्बू वाड्यातून निघतात आणि जुन्या गावातून तळ्यातल्या मंदिराकडे जातात. एक दिवस अडुसष्ट लिंगांना तेल घालत सगळ्या गावाची प्रदक्षिणा, दुसऱ्या दिवशी संमती कट्ट्यावर अक्षता. पांढऱ्या बाराबंद्या घातलेले लोक सुमारे तीस फूट उंचीचा ध्वज कमरेच्या पट्ट्यावर तोलून पेलतात. ही मिरवणूक ज्या गल्लीतून जाते ती जुन्या सोलापूरची गल्ली, आणि जिथून जात नाही ते नंतरचं गाव, एवढं मानलं तरी नवशिक्याचं काम भागतं. आपण हीच वाट उलटी चालायची. उलटी अशासाठी, की देव नवरदेवासारखा वाजतगाजत जातो, आपण लग्नघराचा पत्ता विचारत निघालेले पाहुणे.

सुरुवात मंदिरापासून, सकाळी सातच्या आत. चारी बाजूंनी पाणी, मधे देऊळ. हे तळं बाराव्या शतकात सिद्धरामेश्वरांनी खणवलं. ते योगी होते, वचनकार होते, बसवेश्वरांच्या काळातले. पण त्यांची जी ख्याती टिकली ती अशी की या कोरड्या मुलखात त्यांनी पाणी अडवलं. संमती कट्ट्याशी थांबून पाहुण्याला गोष्ट सांगा. एक कुंभारकन्या रोज अंगण सारवायची. तिनं योग्याशीच लग्नाचा हट्ट धरला. तो म्हणाला, मी लिंगाला वरलेला, माझ्या योगदंडाशी लग्न लाव. तिनं लावलं. म्हणून इथं दर वर्षी लाखभर माणसं दंडाच्या लग्नाला येतात आणि अक्षता टाकून घरी जातात. जेवणाबद्दल तक्रार नसलेलं हे एकच लग्न माझ्या माहितीत आहे.

शेजारी भुईकोट. बहमनींच्या काळातला, दुहेरी तटाचा. १८१८ साली पेशव्यांकडून इंग्रजांनी घेतला. किल्ला म्हणजे डोंगर चढायचा, अशी समजूत असलेल्या पुण्याच्या पाहुण्यांचा इथं अपेक्षाभंग होतो. चेक पाहुण्याचा होणार नाही.

मग पंचकट्ट्यावरून विजापूर वेस. वेस नाही, पण वास आहे. संध्याकाळी आलात तर निखाऱ्यावरच्या कबाबाचा, सकाळी आलात तर कालच्या निखाऱ्याचा. मी सकाळी येतो, कारण संध्याकाळी इथून पुढं चालणं होत नाही.

तिथून माणिक चौक. इथं आजोबा गणपती. १८८५ पासून बसतो, म्हणजे पुण्यातल्या सार्वजनिक गणेशोत्सवाच्या आधी. लोकमान्यांना ती कल्पना इथूनच सुचली असं सोलापूरकर सांगतो. तुमच्याबरोबर पुणेकर असेल तर हे वाक्य माणिक चौकातच बोलावं, पुढच्या चौकात पाठबळ कमी पडतं.

चाटी गल्लीत शिरताना खिशावर हात ठेवा, चोरांसाठी नव्हे, बायकोसाठी. चाटी म्हणजे कापडवाला. शब्द बोलण्यातून गेला, गल्लीच्या पाटीवर राहिला. प्रागमध्ये म्हणे एक वाट इतकी अरुंद आहे, जेमतेम पन्नास सेंटिमीटर, की समोरासमोर आलेली माणसं अडकू नयेत म्हणून पादचाऱ्यांसाठी तांबडा-हिरवा दिवा लावलाय. आमच्या कसब्यातल्या बोळात म्हैस, गॅसची टाकी नेणारी सायकल आणि लग्नाचा बस्ता घेतलेलं कुटुंब एकाच वेळी पार होतं, आणि सिग्नल एकच : “बाजूऽऽ!” कुठल्या बाजूला, ते सांगत नाहीत. ज्याचा आवाज मोठा त्याचा दिवा हिरवा.

दत्त चौकात वेग कमी करा. दक्षिण कसब्यात शुभराय महाराजांचा मठ आहे. कर्नाटकातून आलेले हे संत पदं रचत आणि चित्रं काढत. संत चित्रकार असावा ही गोष्ट आपल्याकडे विरळा. मी पहिल्यांदा गेलो तेव्हा मला चित्रांपेक्षा तिथल्या सावलीचं कौतुक वाटलं होतं. वयाचा परिणाम, मी तेव्हा तरुण होतो.

शेवट उत्तर कसब्यात, हिरेहब्बू वाड्यापाशी, आणि मग बाळीवेशीत मल्लिकार्जुनाचं दर्शन. इथं पाहुण्याला दोन गोष्टी लक्षात येतील. एक, आपण चार तास चाललो पण अंतर फारसं कापलेलं नाही. दुसरी, वाटेत कुणीही आपल्याला एकटं सोडलेलं नाही. यावर उपाय नाही.

ज्यांचे पाय अजून शिल्लक आहेत त्यांच्यासाठी

पूर्व भागात जा. दुपारी तीननंतर. इथं नकाशा, खुणा, आकडे काही नको, कान पुरे. तेलंगणातून आलेल्या पद्मशाली विणकरांची ही वस्ती. गल्लीच्या तोंडाशीच यंत्रमागाची खटखट सुरू होते. चादर आणि टॉवेल, दोन्हींना सोलापूरच्या नावानं भौगोलिक मानांकन मिळालंय. पण दारात उभं राहून बघितलंत तर मानांकनाआधी धोटा दिसेल, तो डावीकडून उजवीकडे जातो, उजवीकडून डावीकडे येतो, आणि दिवसाकाठी कुठल्याही पर्यटकापेक्षा जास्त चालतो. खटखट थांबली की समजावं वीज गेली किंवा मागणी गेली. पहिल्यात लोक ओट्यावर येऊन गप्पा मारतात. दुसऱ्यात ओट्यावर येतात, पण गप्पा होत नाहीत. मागल्या काही वर्षांत मी दुसऱ्या प्रकारचे ओटे जास्त पाहिले. आज बंद दिसणाऱ्या या मागांच्या शेडवरून उद्या कुणीतरी पत्ता सांगणार, हे सोलापूरच्या रीतीप्रमाणं ठरलेलंच आहे.

शंका-समाधान

फोटो काढावेत का? काढावेत. पण माणूस फोटोत आला तर त्याला तो पाठवावा लागतो, आणि मग तो दर संक्रांतीला तिळगुळाचा संदेश पाठवतो. आयुष्यभर.

तहान लागली तर? कुठल्याही घराच्या दारात पाणी मागा. पाणी एक दिवसाआड येवो की पाच दिवसांनी, तांब्या भरूनच येतो.

मुद्दाम रस्ता चुकायचाच असेल तर? नव्या वसाहतीत जा. तिथं सगळ्या घरांना नंबर आहेत.

परत होटगीला यायचं तर? रिक्षावाल्याला नुसतं “होटगी” म्हणू नका, तो तुम्हाला होटगी रोडला आसरा चौकात सोडेल आणि “आलं की” म्हणेल. “होटगी स्टेशन” म्हणा. सामान असेल तर पाडलेल्या चिमणीपाशी आवरायला घ्या. आणि भाडं बसण्याआधी ठरवा.